उपरण्याखालचा हात

गद्रे सरांचं नाव निघालं की माझ्या उजव्या हाताचा अंगठा आपोआप मुठीत जातो. परवाही तसंच झालं. त्यांचे दोन जुने विद्यार्थी पेठेत माझ्या गादीवर आले, चहा प्याले आणि म्हणाले, "आप्पा, आम्ही सरांच्या आठवणींचं पुस्तक काढतोय. सर तुमच्याकडे तीन वर्षं राहिले. तुम्हीही काहीतरी लिहा. चांगलं चांगलं लिहा."

मी हळदीचा अडत्या आहे. माल चांगला असला तर चांगला म्हणतो, किडका असला तर किडका. नुसतं चांगलं चांगलं लिहायला मला येत नाही. शिवाय सरांवर माझा राग आहे. तो मी इतकी वर्षं जपून ठेवलाय. म्हणून जे आहे ते सगळं लिहून देतो. छापायचं की चुलीत घालायचं ते त्या दोघांनी ठरवावं.

मी माणदेशातला. आमच्याकडे मेंढरं होती, पाऊस नव्हता. सांगलीच्या पेठेत मी पोती उचलायला आलो, आणि दहा वर्षांनी त्याच पेठेत माझं गोदाम झालं. मधल्या दहा वर्षांत कुणी मला काही फुकट दिलं नाही, मीही कुणाला दिलं नाही. अक्षरओळख मी पोत्यांवरच्या मार्क्यांवरून करून घेतली. म्हणूनच धाकट्या भावाला, किसनला, मी कॉलेजात घातलं. त्याला मी हळदीला हात लावू दिला नाही. पोतं तर सोडाच, गोदामात आला तरी मी ओरडायचो, "कपडे पिवळे होतील, जा वर!"

किसनच सरांना घेऊन आला. विश्रामबागेतल्या कॉलेजात ते तत्त्वज्ञान शिकवायचे. मूळचे सातारचे. बायको वारलेली, मूलबाळ नाही. गोदामाच्या माडीवरची खोली त्यांना हवी होती. मी भाडं सांगितलं, अर्थात वाढवूनच. पुढचा माणूस निम्म्यावर आणणार हे धरूनच आपण बोलतो. सर म्हणाले, "ठीक आहे," आणि वर निघून गेले. मला इतका राग आला म्हणता! भाव न करणारा माणूस म्हणजे आपल्याशी न बोलणारा माणूस.

खाली भाजीवाली बसायची, तिच्याशीही तसंच. ती सांगेल ते द्यायचे. मी एकदा खडसावलं, "अवो सर, ती तुमाला लुटती."

"तिनं काय सांगावं ते तिच्या हातात," सर म्हणाले. "मी द्यावं की नाही ते माझ्या हातात. मधे घासाघीस कशाला? एकदा गेलेला शब्द खाली-वर करायला मला जमत नाही, आप्पा."

बारीक अंगाचे, उंच, खांद्यावर कायम एक उपरणं. चालताना ओठ हलायचे. पेठेतली पोरं म्हणायची, मास्तर भुताशी बोलतो. एका अर्थी खरंच होतं ते. दोन हजार वर्षांपूर्वी मेलेल्या ग्रीक लोकांशी त्यांची रोजची उठबस होती. शिकंदर मेला, त्याचं राज्य सरदारांनी वाटून घेतलं, जुनी गावं मोडली, माणसाला आपलं म्हणावं असं काही उरलं नाही. मग लोक विचारायला लागले की असल्या दिवसांत माणसानं जगायचं कसं. त्याची चार उत्तरं निघाली आणि उत्तरांची चार घराणी झाली. पुस्तकांत त्यांना स्टोइक, एपिक्युरियन, सिनिक वगैरे नावं आहेत. सरांनी आमच्यासाठी त्यांची मराठी नावं करून टाकली होती.

पहिले ओसरीवाले. त्यांचा गुरू एका रंगवलेल्या ओसरीत बसून शिकवायचा. जे आपल्या हातात आहे तेवढं नीट करा, नाही त्याचं दुःख करू नका, हे त्यांचं म्हणणं. दुसरे बागवाले. त्यांची गावाबाहेर बाग होती. चार मित्र, साधी भाकर, मनाला शांती, आणि राजकारणाच्या गर्दीत न जाता लपून जगावं. तिसरे कुत्रे. त्यांना लोकच कुत्रे म्हणायचे आणि ते खुशीनं म्हणवून घ्यायचे, कारण त्यांना घर नको, वस्त्र नको, लाज नको. चौथे बघूवाले. कुठल्याच गोष्टीबद्दल खात्रीनं बोलू नये, "बघू" म्हणावं, म्हणजे मन शांत राहतं, असं मानणारे.

सगळ्या पेठेला सरांनी या चार घरांत वाटून टाकलं होतं. आमचा मुकादम रामा हमाल ओसरीवाला. कोपऱ्यावरचा अत्तरवाला बागवाला. पेठेतले वकील बघूवाले. आणि मारुतीच्या देवळापाशी उघडाबंब बसणारा एक वेडा होता, त्याला सर येता-जाता नमस्कार करायचे. म्हणायचे, "इथला एकच अस्सल कुत्रा."

मी एकदा विचारलं, "आन मी कोन?"

सरांनी माझ्याकडे निरखून पाहिलं. "तुम्ही यांतले कुणीच नाही. तुम्ही चारही दारांत उभे राहून 'शेवटचं काय ते बोला' म्हणणारे."

किसन खो खो हसला. मी त्याला एक ठेवून दिली, पण मलाही हसू आलं होतं.

दुपारी हमाल पोत्यांना टेकून भाकरी खायला बसले की सर कॉलेजातून येऊन त्यांच्यात बसायचे. तिथं त्यांनी ओसरीवाल्यांतल्या एका लंगड्या गुलामाची गोष्ट सांगितली होती. मालकानं मजा म्हणून गुलामाचा पाय पिरगळायला घेतला. गुलाम शांतपणे म्हणाला, मोडेल हं. मालकानं आणखी पिरगळला. मोडेल हं. शेवटी पाय कडकन मोडला. तेव्हा गुलाम तितक्याच शांतपणे म्हणाला, मी म्हटलं नव्हतं?

मग रामा म्हणाला, "आवं सर, मग त्यानं मालकाच्या टाळक्यात कायतरी घातलं असंल की."

"नाही."

"न्हाई? मंग पाय मोडूनबी शाना झाला न्हाई म्हना गडी."

सगळ्यांत जास्त सरच हसले. डोळे पुसत म्हणाले, "रामा, उद्या माझ्या वर्गावर तू जा."

आणखी एक गोष्ट ते नेहमी सांगायचे. ती ऐकताना त्या वेळी मला नुसती करमणूक वाटायची. कुत्र्यांमधला सगळ्यात मोठा कुत्रा एकदा भर दुपारी पेटलेला कंदील घेऊन बाजारातून फिरायला लागला. लोक हसले. काय शोधतोस, म्हणाले. तो म्हणाला, माणूस शोधतोय. गोष्ट संपली की सर दोन्ही हात पसरून आमच्याकडे बघायचे, जणू पुढचं आम्ही सांगायचं.

आमच्या बाजारात सौदा तोंडानं होत नाही. दोघं समोरासमोर बसतात, हातांवर कापड टाकतात आणि कापडाखाली बोटं धरतात. जितकी बोटं धरली तितका आकडा. भाव पटला नाही तर समोरचा आपली बोटं धरून आपला आकडा सांगतो. पटला की कापड झटकून दोघंही उठतात. शेजारी उभ्या माणसाला काही कळत नाही. सरांनी हे पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते लहान मुलासारखे हरखले. "बघूवाल्यांचा स्वर्ग आहे हा! तोंडानं काहीच म्हणायचं नाही!" मग माझ्यापुढे बसून शिकून घेतलं. चारपर्यंत नुसती बोटं, अंगठ्यासकट सगळा हात धरला की पाच.

त्यातून त्यांचा एक खेळ निघाला. सकाळी मी विचारायचो, "सर, आज कसं काय?" ते उपरणं हातावर टाकायचे, खालून माझी बोटं धरायचे. तब्येतीचा भाव सोळा आण्यांत. तीनदा चार म्हणजे आज बारा आणे. दोनदा चार म्हणजे आठ आणे, त्या दिवशी त्यांना बायकोची आठवण आलेली असायची. हे बोटांनी कळायचं, तोंडानं ते कधी बोलले नाहीत.

सोळा आणे मात्र मला कधी मिळाले नाहीत. एकदा मी भाव वाढवून सोळा करायला बघितलं, तर बाराच धरून बसले. म्हणाले, "यात लबाडी नको, आप्पा. कापडाखाली तरी नको."

एका पावसाळ्यात कृष्णेचं पाणी पेठेत शिरलं. सरांची ट्रंक माडीवर मावत नव्हती म्हणून खाली गोदामात होती. पाणी ओसरल्यावर उघडली तर वह्यांचा नुसता लगदा. ग्रीक घराण्यांवर ते एक मोठं पुस्तक लिहीत होते, त्याची टिपणं. मला वाटलं आता भांडण होणार. सर म्हणाले, "जे वाहून गेलं ते आपलं नव्हतं," आणि छत्री घेऊन कॉलेजात गेले. मी मनात म्हटलं, ओसरीवाला तो हाच.

तिसऱ्या दिवशी दुपारी मी अचानक गोदामात गेलो. सर उकिडवे बसले होते. फरशीवर एका वहीची पानं एकेक करून पसरली होती आणि त्या पानांवर त्यांचे डोळे गळत होते. बायकोनं त्यांच्या टिपणांची सुवाच्य नक्कल करून दिलेली ती वही. फरशीवर हळदीचा थर कायमचा असतो, तो त्या ओल्या कागदांत मुरत होता. मी म्हणालो, "सर, पानं पिवळी पडाय लागली." ते म्हणाले, "पडू देत." मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "हे ओसरीत बसत नाही हो, आप्पा." पुढं ती पिवळी वही त्यांनी कधी कुणाला दाखवली नाही. त्या दुपारनंतर आमच्यात काहीतरी जुळलं. तसं काही जुळलं नसतं तर आज माझा राग इतका जुना झाला नसता.

हरिपूरला माझी सात पेवं होती. हळद जमिनीखाली साठवतो आम्ही. दोन पुरुष खोल खड्डा, पोटात रुंद, तोंडाला अरुंद, वर दगड आणि माती. वरून चालणाऱ्याला खाली काय आहे त्याचा पत्ता लागत नाही. सरांना आणि किसनला मी एकदा पहिलं पेव दाखवायला नेलं. माल काढून दोन दिवस झाले होते, तोंड उघडं होतं. मी दोघांनाही शिडीनं खाली उतरवलं. वरून त्यांची डोकी दिसत होती. सर खालून ओरडले, "बागवाल्यांना हे फार आवडलं असतं! लपून जगावं ते असं!" किसन खाली घुमणाऱ्या आवाजात हसत होता.

मी वर उभा राहून मिरवत होतो. माझी पेवं, माझी हळद, माझा शिकलेला भाऊ. एक गोष्ट तेवढी मी सांगितली नाही. बंद राहिलेल्या पेवात हवा विषारी होते. तोंड उघडलं की निदान एक दिवस जाऊ द्यायचा, मग दोरीनं पेटता कंदील खाली सोडायचा. कंदील विझला तर माणूस उतरवायचा नाही. आमच्या धंद्यात हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. इतकं ठाऊक असतं की ते सांगायचं असतं हेच आम्हाला ठाऊक नसतं. आणि किसनला तर मी हळदीला शिवू दिलं नव्हतं.

बेचाळीस साल उजाडलं. चळवळ सुरू झाली. आमच्या सातारा-सांगलीकडं पोरांनी रात्रीचा दिवस केला, कोण घरी आहे आणि कोण रानात आहे ते आईलाही कळेना. दिवाळीनंतर किसन घरी यायचा बंद झाला. त्याच्या नावचं वॉरंट निघालं.

मी स्वस्थ बसणारा नव्हे. फौजदाराला गाठला. माफीच्या कागदावर किसननं सही करायची, पुढचं फौजदार बघून घेणार, असं ठरवत आणलं. फक्त किसन सापडायला हवा होता. तो कुठं आहे ते सरांना माहीत आहे हे मला त्यांच्या चेहऱ्यावरून कळलं. मी माडीवर गेलो.

"सर, किसन कुटं हाय?"

"मला माहीत आहे," सर म्हणाले. दुसऱ्या कुणीही नाही म्हटलं असतं. "पण मी सांगणार नाही. त्याला शब्द दिलाय."

"मी त्याचा भाऊ हाय! बापाच्या जागी हाय!"

"तुमच्याबद्दलच शब्द दिलाय." मग, सांगणं भाग होतं म्हणून, म्हणाले, "तो म्हणाला, आप्पाला सांगू नका. आप्पा माझा सौदा करेल."

हे वाक्य मी त्यांना आजही माफ केलेलं नाही. किसन तसं म्हणाला असेलही. पण ते माझ्यापर्यंत आणायची काय गरज होती? मी त्या दिवशी जे तोंडाला येईल ते बोललो. तुमचे ग्रीक असे नि तसे. सर ऐकून घेत राहिले. दुसऱ्या दिवसापासून सकाळी आणे विचारणं मी बंद केलं.

माघातली गोष्ट. नवी हळद यायची होती. चौथं पेव आदल्या दिवशी उघडून वारं खायला ठेवलं होतं. पाचवं रिकामं होतं पण झाकलेलं. त्या दिवशी फौजदार माझ्या गादीवर चहा घेत बसला होता. तो मिशीत हसून म्हणाला, "सकाळपासनं हरिपूरला गराडा घातलाय. कागद तयार ठेवा." मी कागद काढून पुढं ठेवला, मनात आनंदही झाला. सापडेल तर एकदाचा.

बारा वाजत आले असतील. सर दारात आले. दारापाशी रामा कंदिलात रॉकेल भरून वात पेटवून बघत होता. नंतर रामानं सांगितलं ते असं. सरांनी त्याला सहज विचारलं, "रामा, भर दुपारी कंदील कशाला?"

"चवथ्या पेवात सोडाया. ईझला तर मानूस उतरवायचा न्हाई. हवा मारती ना सर."

"झाकलेलं पेव असेल तर?"

"झाकल्यालं? त्यात तर घटकाभरबी न्हाई राहायचा मानूस."

सर आत आले. तोंड खडूसारखं पांढरं. फौजदाराला बघून उंबऱ्यातच थबकले. "आप्पा, जरा बाहेर येता?"

मी म्हणालो, "जे काय हाय ते हितंच बोला."

"एक मिनिट."

"हितंच बोला, म्हनलं ना! मला कुनापासनं लपवायचं न्हाई काय. लपवायची सवय तुमाला."

फौजदार हसला. मग सर माझ्यासमोर गादीवर बसले. खांद्यावरचं उपरणं काढलं, हातावर टाकलं आणि पुढं केलं. फौजदाराला वाटलं सौदा आहे. तो खिडकीतून बाहेर बघायला लागला. मी हात दिला. का दिला सांगता येत नाही, सवयीनं दिला. खालून त्यांनी माझा हात धरला. चारही बोटं आणि अंगठा. घट्ट. त्यांचा तळवा घामानं थबथबला होता. आणि डोळे माझ्या डोळ्यांत.

पाच.

मला काय वाटलं सांगू? मला वाटलं हा माणूस माझ्या भावाचा भाव करायला आलाय. मला सौदागर म्हणणारा माणूस आता स्वतः कापड टाकून बसलाय. माझ्या डोक्यात तिडीक गेली. मी हात हिसडून काढला. उपरणं खाली पडलं.

"आप्पा, एकदा हात द्या," सर म्हणाले. "एकदाच."

"उठा," मी म्हणालो. "उठा माझ्या गादीवरनं."

ते उठले. उपरणं उचललं. दारात रामाच्या हातातला पेटता कंदील त्यांनी हिसकावून घेतला आणि पळत सुटले. पन्नाशीचा प्रोफेसर, धोतर सावरत, भर दुपारी पेटलेला कंदील घेऊन पेठेतून हरिपूरच्या वाटेनं धावतोय. दुकानादुकानांतून माणसं बाहेर आली. हसली. कुणीतरी ओरडलं, "मास्तर, मानूस गावला का?" ती गोष्ट सगळ्या पेठेला पाठ होती. फौजदारानं विचारलं, "कोण हे?" मी म्हणालो, "येडं झालंय. पुस्तकं वाचून वाचून."

मीही हसलो होतो. हे लिहायचं नव्हतं, पण लिहिलं.

हरिपूरच्या अलीकडं शिपायांनी त्यांना अडवलं. वेडा म्हणून वडाखाली बसवून ठेवलं. पेवांविषयी बोलले असते तर पोलीस किसनपर्यंत पोचले असते. न बोलले तर ... सर बोलले नाहीत. शब्द दिला होता. चार तास ते पेटता कंदील मांडीवर घेऊन बसले. गराडा उठला तेव्हा ऊन कलायला लागलं होतं.

रामानं मला बोलावून नेलं. मी पोचलो तेव्हा पाचव्या पेवाचा दगड बाजूला होता. सर तोंडाशी पालथे पडले होते. दोरी नव्हती म्हणून त्यांनी उपरणं आणि धोतराचा सोगा फाडून, पिळून, त्याला कंदील बांधून खाली सोडला होता. मी वाकून पाहिलं. खाली उजेड नव्हता.

चौथं पेव दहा पावलांवर होतं. तोंड उघडं, आत वारं खेळत होतं. उघडं होतं म्हणून कुणीही डोकावलं असतं, म्हणून चळवळीतल्या पोरांनी किसनला झाकलेल्यात उतरवलं आणि वर दगड सारला. सरांना निरोप अकरा वाजता आला होता. पाचव्यात उतरलो, वर दगड सारलाय, एवढाच.

हवा निघाल्यावर रामा उतरला. किसन भिंतीला टेकून बसल्यासारखा होता. त्याला वर काढला तेव्हा तोंड, केस, हात सगळं पिवळं झालं होतं. ज्या हळदीला मी त्याला शिवू दिलं नव्हतं ती त्याच्या पापण्यांवर होती.

पाच. तेव्हा मला कळलं.

डॉक्टरला मी एकच विचारलं, बारा वाजता तो जिवंत होता का? डॉक्टर म्हणाले, "उतरल्यावर लगेच गेला असेल. तासभर काढलाही असेल. खात्रीनं सांगता येत नाही." बघूवाले म्हणतात खात्रीनं बोलू नये, म्हणजे मनाला शांती मिळते. ज्यानं कुणी हे शोधून काढलं त्याला मी त्या दिवशी हरिपूरला बोलावलं असतं.

सगळ्या लोकांसमोर मी सरांना म्हणालो, "तुमी मारला माझ्या भावाला. एक शब्द बोलला असता तर वाचला असता."

सर म्हणाले, "होय."

एवढंच. मी हात हिसडला हे त्यांनी कुणाला सांगितलं नाही. फौजदाराला तर कळलंच नव्हतं. आजपर्यंत ही गोष्ट फक्त दोघांना ठाऊक होती. महिन्याभरात त्यांनी नोकरी सोडली, खोली सोडली, सातारला निघून गेले. भाड्यात घासाघीस केली नाही.

तीन-चार वर्षं गेली. राग मी मोडू दिला नाही. रोज सकाळी उठून मी त्यांच्याशी भांडायचो. एक शब्द बोलायला काय झालं होतं? तुमच्या शब्दाची किंमत माझ्या भावापेक्षा मोठी? आणि भांडण रंगात आलं की दर वेळी एक घामेजलेला तळवा माझा हात धरायचा.

एका हिवाळ्यात लोणंदला मालाच्या कामानं गेलो होतो. काम लवकर उरकलं. परत सांगलीला यायचं ते मी सातारला गेलो. का गेलो? भांडण मिटवायला नव्हे. समोर बसून एकदा पुरतं भांडायला.

पत्ता विचारत मंगळवार पेठेत पोचलो. छोटं घर, पुढं ओसरी. सकाळचं ऊन ओसरीवर आलेलं. सर तिथं बसले होते, भिंतीला टेकून. दाढी वाढलेली, अंगावर सदरा. समोर हात पुढं केलेला आणि हातावर उपरणं टाकलेलं.

त्यांची बहीण बाहेर आली. म्हणाली, "दादा बोलत नाहीत आता. दोन वर्षं झाली. येईल त्याच्यापुढे असा हात धरतात. पोस्टमन येतो, दूधवाला येतो, त्यांना वाटतं भिक्षाच मागतात. मला मेलीला लाज वाटते. तुम्ही कोण?"

"सांगलीचा," मी म्हणालो. "वळखीचा हाय."

ती चहा टाकायला आत गेली. मी ओसरीवर सरांसमोर बसलो. भांडणाचं पहिलं वाक्य मी टांग्यात जुळवलं होतं. ते आलं नाही. मी उपरण्याखाली हात घातला.

त्यांनी धरला. चारही बोटं आणि अंगठा. पाच.

तळवा आता कोरडा होता, लाकडासारखा. मी हिसडला नाही. आणि मग माझ्या हातानं, मला न विचारता, आयुष्यभर जे केलं तेच केलं. मी त्यांचा अंगठा सोडून त्यांची चार बोटं धरली. चार. चौथं पेव. उघडं, वारं खाल्लेलं, दहा पावलांवरचं.

सरांनी मान हलवली. पाच.

मी चार.

पाच.

चार. माझे दात आवळले होते. किती वेळ चाललं ते मला माहीत नाही. आत कपबशा वाजत होत्या. मी चार सोडत नव्हतो. बाजारात मी एकदाही असा भाव केला नसेल.

मग त्यांचा हात थांबला. उपरण्याखाली काही हललं नाही. ते माझ्याकडे बघत होते. नंतर हळूहळू, एखादी गाठ सोडवावी तशी, त्यांनी माझ्या अंगठ्यावरची पकड सैल केली. अंगठा सुटला. चार बोटं तेवढी त्यांच्या हातात राहिली.

भाजीवालीशी ज्यानं कधी घासाघीस केली नाही तो माणूस खाली आला होता. बाराचे सोळा ज्यानं कधी केले नाहीत, त्यानं पाचाचे चार केले.

सौदा पटला की कापड झटकायचं असतं. माझ्यानं ते झालं नाही. मी हात काढून घेतला आणि चहा न घेताच ओसरीवरून उतरलो. कोपऱ्यावर टांगा वळताना मागं पाहिलं. ऊन आता त्यांच्या मांडीवर आलं होतं. उपरणं तसंच होतं, त्याखाली हात तसाच पुढं केलेला, आणि कापडावरून दिसत होतं की आतला अंगठा त्यांनी मिटून घेतला आहे.